'फ्युरी'तली पंगत: रणगाड्यातल्या भाऊबंदकीचा एक प्रकरण अभ्यास

डेव्हिड एयरचा 'फ्युरी' 2014 साली आला तेव्हा सगळ्यात जास्त बोलबाला झाला तो जर्मनांच्या टायगर रणगाड्याचा. ते साहजिकच होतं. इंग्लंडमधल्या बोव्हिंग्टनच्या संग्रहालयातला 'टायगर 131' हा चालू स्थितीतला टायगर-1 जातीचा जगातला एकमेव रणगाडा. एप्रिल 1943 मध्ये ट्युनिशियात तो ब्रिटिशांच्या हाती लागला. त्याआधीच्या कितीतरी युद्धपटांत दुसऱ्याच कुठल्या तरी रणगाड्यावर पत्रे ठोकून त्याला टायगर म्हणून उभं केलं जायचं. इथे अस्सल धूड पडद्यावर आलं. चिलखताची जाडी मिलिमीटरमध्ये तोंडपाठ असणाऱ्या मंडळींनी तो प्रसंग थांबवून थांबवून पाहिला आणि मग चुकाही काढल्या.

मला मात्र या चित्रपटाच्या वास्तवतेची खरी परीक्षा दुसरीकडे झालेली दिसते. 134 मिनिटांच्या चित्रपटात जवळपास वीस मिनिटं एका घरातच जातात. तिथे रणगाडा नाही, तोफ नाही. एक जेवणाचं टेबल आहे, अंडी आहेत, दोन जर्मन बायका आहेत आणि टप्प्याटप्प्यानं आत आलेले पाच अमेरिकन सैनिक आहेत. 'मध्येच हे काय रटाळ' असं म्हणून पुष्कळांनी हा भाग पुढे पळवला असणार. या लेखात अभ्यासायचं प्रकरण म्हणून मी तोच घेतला आहे, कारण या पाच जणांमध्ये जे काही बंधुत्व आहे त्याचा हिशेब तिथे होतो.

आधी गाडी आणि माणसं

काळ एप्रिल 1945, स्थळ जर्मनी. युरोपातलं युद्ध संपायला जेमतेम महिना उरला आहे, पण ते नेमकं कधी संपेल हे पडद्यावरच्या कुणालाच ठाऊक नाही. अमेरिकेच्या सेकंड आर्मर्ड डिव्हिजनमधला हा शर्मन रणगाडा, तोफेच्या नळीवर नाव रंगवलेलं: फ्युरी. डॉन कॉलिअर ऊर्फ वॉरडॅडी (ब्रॅड पिट) हा कमांडर. बॉइड स्वान (शाया लबफ) तोफ चालवतो, बायबलची वचनं म्हणतो म्हणून त्याला सगळे बायबलच म्हणतात. ग्रेडी (जॉन बर्नथल) गोळे भरतो, गोर्डो (मायकेल पेन्या) गाडी हाकतो. पाचव्या जागेवरचा माणूस चित्रपट सुरू होतो तेव्हा मेलेला आहे, आणि त्याच्या जागी नॉर्मन एलिसन (लोगन लर्मन) हा पोरगा पाठवला जातो. त्याचं सैन्यातलं शिक्षण टायपिस्टचं. मिनिटाला साठ शब्द टाइप करता येतात एवढीच त्याची लष्करी कामगिरी.

हे अतिशयोक्तीचं वाटेल, पण 1944-45 च्या हिवाळ्यापासून अमेरिकी चिलखती दलाला तयार माणसांची चणचण होतीच. दुसऱ्याच कामासाठी आलेल्यांना जुजबी शिकवून रणगाड्यात बसवल्याची उदाहरणं आहेत.

शर्मनमध्ये पाच जणांच्या जागा ठरलेल्या असतात. पुढे डावीकडे ड्रायव्हर, उजवीकडे त्याचा सहायक. सहायकाच्या हाती समोरची मशीनगन. वर बुरुजात तोफेच्या उजव्या अंगाला गनर, त्याच्या पाठीशी कमांडर, डाव्या अंगाला लोडर. गनरला बाहेरचं जग एका अरुंद चौकटीतून दिसतं, लोडरला तर जवळजवळ काहीच नाही. इंजिनाच्या आवाजात शेजारच्याचं बोलणंही कानावरच्या इंटरकॉमशिवाय ऐकू येत नाही. कमांडर जे पाहतो ते तो सांगतो, बाकीचे त्याच्या सांगण्यावर हात चालवतात. एकाचे डोळे, दुसऱ्याचे हात, तिसऱ्याचे पाय. यातला एक जण अर्धा क्षण थबकला की पाचही जण जळू शकतात.

एयर स्वतः तरुणपणी अमेरिकी नौदलात पाणबुडीवर होता. बंद लोखंडी डब्यात महिनोन्महिने तीच ती माणसं, त्यांचा वास, त्यांच्या ठरलेल्या शिव्या हे त्यानं अनुभवलेलं आहे, आणि ते दिसतं. चित्रीकरणाआधी त्यानं नटांना लष्करी शिबिरात घातलं, एकमेकांशी मारामारीचा सराव करायला लावला. पडद्यावर हे चौघं एकमेकांना ढकलतात, चिडवतात, अंगावर रेलतात त्यात पाठांतर वाटत नाही. रणगाड्याच्या आतली भिंत पाहा: चिकटवलेली चित्रं, लोंबणाऱ्या वस्तू, वंगणाचे ओघळ.

नॉर्मनचं स्वागत होतं ते बादलीनं. आधीच्या माणसाचं रक्त त्याच्याच जागेवरून पुसून काढायचं. पुसता पुसता त्याच्या हाताला चेहऱ्याचा एक तुकडा लागतो. पुढे रस्त्यावर झुडपात हत्यारबंद जर्मन पोरं दिसूनही तो गोळी झाडत नाही, आणि त्यांच्या पँझरफाउस्टनं (एकट्या सैनिकानं डागायचं रणगाडाविरोधी अस्त्र) पुढचा रणगाडा पेटतो. मग वॉरडॅडी एका शरण आलेल्या जर्मन सैनिकाला त्याच्या हातून जबरदस्तीनं मारायला लावतो. सगळे उभे राहून बघत असतात. कायद्यानं तो सरळ युद्धगुन्हा आहे आणि चित्रपट तो लपवत नाही. पण त्याचा जाबही कुणी विचारत नाही, हेही नोंदवून ठेवू.

प्रसंग

शहर हाती आल्यावर वॉरडॅडी नॉर्मनला घेऊन एका घरात शिरतो. घरात इर्मा नावाची बाई आणि तिची नातलग तरुणी एमा. वॉरडॅडीला जर्मन येतं. तो अंडी पुढे करतो, गरम पाणी मागतो, अंग धुतो, दाढी करतो. नॉर्मन पियानोवर बसतो, एमा गाते. मग ती दोघं आतल्या खोलीत जातात. थोड्या वेळानं टेबल मांडलं जातं. पहिल्यांदाच कुणीतरी बशीत, काट्याचमच्यानं जेवणार असतं.

तेवढ्यात उरलेले तिघं दारू पिऊन आत येतात.

इथून पुढे जे घडतं त्याला कथानकात फारसा अर्थ नाही. कुणी मरत नाही, कुठलाही बेत ठरत नाही. ग्रेडी एमाला उद्देशून घाणेरडं बोलतो. तिच्या बशीतलं अंडं उचलून चाटतो आणि परत ठेवतो. गोर्डो एक आठवण काढतो: नॉर्मंडीत, फालेजला जर्मन सैन्याची कोंडी झाली त्यानंतर त्यांना वाटेत जखमी घोडे लागले आणि ते त्यांनी एकामागून एक गोळ्या घालून मारले. संपेचनात. वॉरडॅडी त्याला गप्प करायला बघतो. गोर्डो थांबत नाही.

ऑगस्ट 1944 मध्ये फालेजला घोडे खरोखरच इतके होते. जर्मन सैन्य म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर रणगाडे येतात, पण त्यांच्या पायदळाच्या तोफा आणि रसद शेवटपर्यंत घोड्यांवरच ओढली जायची. विमानांनी रस्ते झोडपले तेव्हा माणसांबरोबर हजारो जनावरं तिथे पडली. ज्याला हे ठाऊक नाही त्याला गोर्डोची गोष्ट दारूच्या नशेतली बडबड वाटेल. ठाऊक असेल तर लक्षात येतं, की शत्रूंबद्दल एरवी चकार शब्द न काढणाऱ्या माणसांनी आपल्या मनातलं बोलायला घोडे निवडले आहेत.

आणि हे कुणाला सांगितलं जातंय? वॉरडॅडी तर तिथे होताच. बायकांना इंग्रजी कळत नसावं. ऐकणारा एकच उरतो, नॉर्मन. गोष्टीचा मतलब असा: आम्ही चौघं त्या रस्त्यावर होतो, तू नव्हतास. तुझी दाढी झाली, तुझा पियानो झाला, तुला पोरगी मिळाली, बापाशेजारी बसून जेवायला मिळालं. आम्ही उत्तर आफ्रिकेपासून या माणसाच्या मागे आलो, आणि पान मात्र तुझं मांडलं गेलं.

घरातल्या धाकट्याला आल्या दिवशी मानाचं ताट मिळावं आणि थोरल्यांनी उंबऱ्यात उभं राहून बघावं, तसा हा सगळा प्रकार. ग्रेडीचं अंडं चाटणं किळसवाणं आहे, पण त्याचा रोख एमावर कमी आणि वॉरडॅडीवर जास्त आहे. तुमच्यासारखं जेवायला आम्हाला येत नाही म्हणता ना, मग घ्या.

दोन वाचनं आणि माझा कौल

या प्रसंगाचं एक सरळ वाचन असं: वॉरडॅडी इथे तासाभरासाठी सभ्य माणूस व्हायचा प्रयत्न करतो, त्याच्याच माणसांनी तो उधळून लावला. बरेच जण असं वाचतात, आणि त्यात तिघं रानटी ठरतात.

दुसरं वाचन मला जास्त पटतं. तिघं खोटं काहीच बोलत नाहीत. खोटं आहे ते टेबल. हातात बंदूक घेऊन परक्याच्या घरात शिरायचं, अंडी द्यायची आणि मग आपण पाहुणे आहोत असं वागायचं, हे नाटक वॉरडॅडीनं मांडलंय. तिघांनी ते मोडलं, कारण त्यांना त्यात भूमिका दिली नव्हती. वॉरडॅडी त्यांना दरडावतो, पण हाकलून देत नाही. तो स्वतः उठूनही जात नाही. सगळे तिथेच बसून राहतात, अपमान गिळत आणि करत. या चित्रपटातलं बंधुत्व मला इथे दिसतं. एकमेकांवर प्रेम आहे का, हा प्रश्नच नाही. उठून जायला दुसरी जागा नाही.

वॉरडॅडीची दुसरी बाजू आपल्याला सुरुवातीलाच दाखवलेली असते. तळावर परतल्यावर तो सगळ्यांच्या नजरेआड जातो आणि तिथे एकटाच कोसळायच्या बेतात येतो. मग स्वतःला सावरून पुन्हा कमांडर होऊन बाहेर येतो. त्याचा तो चेहरा तुकडीतल्या एकानंही पाहिलेला नाही. म्हणजे ज्याला ही माणसं बाप मानतात त्यानं आपलं खरं ओझं त्यांच्यापासून लपवलं आहे, आणि जेवणाच्या टेबलावर तो जो निवांतपणा शोधतो आहे तोही त्यांच्याशिवाय. तिघांना हे नेमक्या शब्दांत सांगता येणार नाही, पण कळलंय.

याच प्रसंगात चित्रपटाची एक मोठी लबाडीही आहे. नॉर्मन आणि एमाचं आत जाणं हळुवार प्रेमप्रसंगासारखं चित्रित केलंय, मंद प्रकाश, हातावरच्या रेषा बघणं वगैरे. वॉरडॅडी जवळपास हुकूमच देतो. शहर नुकतंच पडलंय, बाहेर सशस्त्र सैनिक आहेत, घरात दोन बायका. तिथे त्या मुलीच्या होकाराला किती अर्थ असतो? रक्त, चिखल, चेहऱ्याचा तुकडा दाखवायला न कचरणारा दिग्दर्शक इथे डोळे मिटून घेतो. ग्रेडीचा ओंगळपणा त्याला उघड चालतो, नॉर्मनच्या निरागसपणाला मात्र डाग लागता कामा नये. थोड्याच वेळात तोफगोळ्यांच्या माऱ्यात ते घर कोसळतं आणि एमा मरते. म्हणजे तिला काही म्हणायचं होतं का, हे विचारायची सोयच राहत नाही. पटकथेनं तिचा वापर केला, एवढंच.

आता टायगर

टेबलानंतर तासाभराच्या आत तेच पाच जण पुन्हा आपापल्या जागी. एका चौकाचं रक्षण करायला चार शर्मन निघतात, वाटेत लपलेला एक टायगर एकेक करून तीन उडवतो, फ्युरी त्याला वळसा घालून मागून गाठतो.

जाणकारांच्या तक्रारी बहुतांशी रास्त आहेत. दबा धरून बसलेला टायगर आपली झाकलेली जागा सोडून उघड्या शेतात कशाला येईल? फ्युरीवर 76 मिमीची तोफ आहे, इतक्या जवळून टायगरच्या 80 मिमी जाडीच्या बाजूला भोक पाडायला तिला मागे जायची गरज नव्हती. एवढंच कशाला, फ्युरीची भूमिका करणारा रणगाडाही तंतोतंत तो नाही. अमेरिकी सैन्य युरोपात शर्मनचा एम4ए3ई8 हा प्रकार वापरायचं, चित्रपटातला आहे एम4ए2ई8, डिझेल इंजिनाचा, तोही बोव्हिंग्टनहूनच आलेला. बाहेरून फरक ओळखायला मागचा भाग नीट पाहावा लागतो.

उलट ज्यावर सगळ्यात जास्त हसं झालं ते रंगीत ट्रेसर, म्हणजे जाताना उजेडाची रेघ सोडणाऱ्या गोळ्या, मात्र इतके हास्यास्पद नाहीत. पडद्यावर त्यांचा भडिमार जास्त आहे हे कबूल. अमेरिकी मशीनगनच्या पट्ट्यात सर्वसाधारणपणे पाचांतली एक गोळी ट्रेसर असायची. पण नॉर्मनच्या हातातल्या पुढच्या मशीनगनला नेम धरायची दुर्बीण किंवा माशी नव्हतीच. वरच्या पेरिस्कोपमधून बघायचं, ट्रेसर कुठे जातोय ते पाहायचं आणि गन तिकडे वळवायची. ज्या पोराला आपण काय मारतोय हे बघायचंच नव्हतं, त्याला प्रत्येक गोळी कुठे लागते हे बघितल्याशिवाय गन चालवताच येत नाही.

शिवाय त्या झटापटीत एक गोष्ट नेमकी पकडली आहे. शर्मनचा बुरुज यंत्रानं साधारण पंधरा सेकंदांत पुरा फिरायचा. 57 टनी टायगरच्या बुरुजाची गती त्याच्या इंजिनावर अवलंबून आणि बरीच धीमी. सगळी झुंज त्या फरकावर चालते: गोर्डो गाडी वळवतो, बायबल नेम धरतो, ग्रेडी गोळा भरतो, वॉरडॅडी ओरडतो. तिथे कुणी कुणाला माफ केलेलं नाही. टेबलावरचं विष अजून पोटात आहे आणि हात तरीही एका लयीत चालतात. युद्धपटात नेहमी आधी समेट होतो आणि मग लढाई. इथे तो क्रम उलटा आहे, आणि मला तो खरा वाटतो. समेट येतो तो नंतर, ग्रेडीच्या तोंडून, ओबडधोबड: तू चांगला माणूस आहेस, आम्ही कदाचित नसू, आणि माझं चुकलं. नॉर्मन त्यावर फारसं बोलत नाही. बरं झालं.

चौकातला शेवट

मग सुरुंगावर पट्टा तुटतो, गाडी चौकात अडकते आणि नाझींच्या एसएस दलाचे तीनशेच्या आसपास सैनिक चालत येताना दिसतात. वॉरडॅडी थांबायचं ठरवतो. आधी नॉर्मन त्याच्या बाजूनं उभा राहतो, मग बायबल, गोर्डो आणि शेवटी कुरकुरत ग्रेडी. टेबलावर ज्याच्यावर सगळे खार खाऊन होते तो पहिला, आणि ज्यानं अंडं चाटलं तो शेवटचा.

लष्करी दृष्ट्या हा भाग सगळ्यात कच्चा. खांद्यावर पँझरफाउस्ट घेऊन आलेली तुकडी एका अडकलेल्या, पायदळाचं संरक्षण नसलेल्या रणगाड्यापुढे रायफली घेऊन पतंगांसारखी झेप घेते आणि मरते. पँझरफाउस्ट त्यांना फार उशिरा आठवतो. 'असं प्रत्यक्षात घडलंय' म्हणून ऑडी मर्फी या अमेरिकी सैनिकाचं उदाहरण दिलं जातं. 26 जानेवारी 1945 ला फ्रान्समधल्या होल्ट्झविर गावाजवळ एकोणीस वर्षांच्या मर्फीनं जळत्या रणगाडाविरोधी वाहनावर चढून तासभर मशीनगन चालवली आणि हल्ला थोपवला. खरं आहे. पण मर्फीनं आपल्या माणसांना आधी मागे जंगलात पाठवलं होतं, त्याच्या हाती तोफखान्याचा मारा बोलावणारा फोन होता. वॉरडॅडीकडे तसं काही नाही, आणि तो माणसांना जायला सांगतो तेव्हा ती जात नाहीत.

ती का जात नाहीत, याचं उत्तर चित्रपट बायबल म्हणजे स्वानच्या तोंडी यशया या संदेष्ट्याचं वचन घालून देतो, आणि ते भव्य वाटतं. माझ्या मते उत्तर टेबलावर आधीच मिळालं होतं: उठून जायला दुसरी जागा नाही. इतक्या भव्यतेची गरज नव्हती. हे चौघं आफ्रिकेपासून एकत्र असतील तर त्यांनी आधी दुसऱ्या गाड्या वापरल्या असणार, कारण 'ई8' जातीचे शर्मन युरोपात 1944 च्या डिसेंबरात येऊ लागले. फ्युरी हे त्यांचं घर वगैरे म्हणणं फार शब्दशः घेऊ नये. गाडी त्यांच्यासाठी बदलत आली होती, पाचवा माणूस तर बदललाच होता. टिकल्या त्या जागा.

एका जागेपुरतं बोलायचं तर शर्मनच्या तळाला बाहेर निसटायचं झाकण असतं, आणि ते असतं पुढच्या उजव्या जागेच्या मागे. नॉर्मननं पहिल्या दिवशी बादली घेऊन धुतलेली ती जागा. आधीच्या माणसाला त्या झाकणाचा उपयोग झाला नाही, नॉर्मनला होतो. खाली चिखलात पडल्यावर एसएसच्या एका पोरग्याला तो दिसतो आणि पोरगा गप्प राहून पुढे जातो. याला कित्येकांनी दिग्दर्शकानं दिलेली सवलत म्हटलं. मला ती तशी वाटली नाही. झुडपातली पोरं दिसूनही नॉर्मन ज्या कारणानं थबकला होता त्याच कारणानं हाही थबकतो, फरक इतकाच की याच्या मानेवर हात ठेवून गोळी झाडायला लावणारा कुणी वॉरडॅडी तिथे नव्हता.